कोऱ्या डिस्कची पारख

सकाळी साडेसहा

दुकानाचं शटर वर करायच्या आधी मागच्या खोलीतलं लोखंडी कपाट उघडतो. धानोरा मार्गावरचं हे दुकान तसं मोबाइल दुरुस्तीचं. डिस्प्ले बदलणं, चार्जिंगचा सॉकेट बसवणं यावर घर चालतं. पण या कपाटात पावसाळाभर एक झिरोचा बल्ब लावलेला असतो आणि त्याच्या वरच्या खणांत कोऱ्या सीड्या-डीव्हीड्या असतात. रात्रभर पाऊस पडला की सकाळी आधी बल्ब गेला नाही ना ते बघायचं आणि मग सिलिका जेलच्या पुड्या चाचपायच्या.

अमेरिकेच्या निस्ट या मानक संस्थेनं २००३ मध्ये सीडी-डीव्हीडी सांभाळण्याची एक पुस्तिका काढली होती. तापमान ४ ते २० अंश आणि आर्द्रता २० ते ५० टक्के ठेवा, असं ती सांगते. आमच्याकडे मे महिन्यात पारा ४५ च्या वर जातो आणि श्रावणात भिंतीला हात लावला तर तळवा ओला होतो. म्हणजे पुस्तिकेतला एकही आकडा गडचिरोलीत पाळता येत नाही. पाळता येतं ते एवढंच : उजेड नको, ओल नको, एकावर एक रचून दाबणं नको.

ओलीचं भय उगीच नाही. २००१ मध्ये स्पेनमधल्या एका संशोधकानं मध्य अमेरिकेतल्या बेलीझहून आलेली सीडी सूक्ष्मदर्शकाखाली धरली, तेव्हा जिओट्रिकम नावाची बुरशी कडेनं आत शिरून प्लास्टिक आणि अॅल्युमिनियम दोन्ही खात असल्याचं दिसलं. बेलीझही दमट आणि रानाचा मुलूख. ते वाचल्यापासून बल्बच्या विजेचा हिशेब मी करत नाही.

आठ

उद्या पोळा. चौकात झुली, मोरक्या, माटोट्या विकायला बसणाऱ्यांनी रात्रीच जागा धरून ठेवल्या आहेत. तर्री-पोहे खाऊन आलो तर दुकानाच्या पायरीवर चामोर्शीचे सर उभे. हातात बुटाचं खोकं.

सरांकडे प्लेस्टेशन टू आहे. अनेक वर्षांपूर्वी भावानं आणलेलं, जाड पाठीचं, आणि प्रती चालाव्यात म्हणून त्याच वेळी नागपुरात चिप बसवून घेतलेलं. भावाची पोरं पुण्याहून पोळ्याला येताहेत आणि तान्ह्या पोळ्यापर्यंत राहणार आहेत. पोरांच्या हातात मूळ डिस्क द्यायच्या नाहीत, प्रती द्यायच्या. त्या घासल्या तर घासू देत, हे सरांचं म्हणणं. मला ते पटतं. प्रत काढायचं याहून चांगलं कारण मी ऐकलेलं नाही.

"फक्त एक सांगा," सर म्हणाले, "डिस्क म्हणजे डिस्कच ना जी? मग तुमच्याकडं दहाची आन् पंचवीसची काहून?"

म्हटलं, संध्याकाळी या, तेव्हा सांगतो.

साडेआठ

खोकं उघडलं. डिस्क उलट्या करून तीन ढीग केले. काळ्या तळाच्या पहिल्या प्लेस्टेशनच्या. निळ्या तळाच्या प्लेस्टेशन टूच्या, पण सीडीवर आलेल्या. चंदेरी तळाच्या डीव्हीडी. ढीग आधी करायचे, कारण कोरी डिस्क कुठली लागणार ते मूळ डिस्क ठरवते. सातशे एमबीच्या आतला खेळ सीडीवर आला असेल तर त्याची प्रत सीडीवरच घ्यायची. जागा भरपूर मिळते म्हणून तो डीव्हीडीवर टाकला तर यंत्र गोंधळतं. त्याला आत सीडी असेल असं वाटत असतं.

दोन डिस्कांवर खर्रा घोटलेल्या बोटांचे तांबूस ठसे. एकीवर टूथपेस्ट घासल्याच्या गोल रेघा. टूथपेस्टनं उथळ ओरखडा बुजतो हे खरं आहे, पण घासायचं मधून कडेकडे, सरळ. डिस्कमधली माहिती गोल फिरत गेलेली असते, त्यामुळे गोल घासलं की एकच ओरखडा लांबवर एकाच ओळीतली माहिती खात जातो. आडव्या ओरखड्यातून यंत्र वाट काढतं, कारण प्रत्येक फेरीत थोडंच हरवतं आणि तेवढं दुरुस्तीच्या गणितात भरून निघतं.

ढिगात काय होतं? ‘टेकन ३’, ‘सॅन अँड्रियास’, ‘गॉड ऑफ वॉर टू’, कुस्तीचे दोन. आणि तळाशी दोन डिस्क, ज्यांच्यासाठी मी खुर्ची पुढे ओढली : ‘हनुमान : बॉय वॉरियर’ आणि ‘देसी अड्डा’.

दोन्ही २००९ सालच्या, दोन्ही हैदराबादच्या. ‘हनुमान’ ऑरोना टेक्नॉलॉजीजनं केला. घरात टीव्हीला जोडायच्या यंत्रासाठी पूर्णपणे भारतात तयार झालेला पहिला खेळ म्हणून त्याची जाहिरात झाली होती. ‘देसी अड्डा’ गेमशास्त्र या कंपनीचा. त्यात विटीदांडू, कबड्डी, पतंगबाजी. पुढच्याच वर्षी मुंबईच्या ट्राइन गेम्सनं गल्ली क्रिकेटचा ‘स्ट्रीट क्रिकेट चॅम्पियन्स’ काढला. जगानं प्लेस्टेशन थ्री घेऊन झालं होतं, तरी आपल्याकडे स्वस्त म्हणून प्लेस्टेशन टूच खपत होतं. म्हणून हे खेळ जुन्याच यंत्रासाठी निघत राहिले. २०१३ च्या सुरुवातीला सोनीनं ते यंत्र बनवणं थांबवलं आणि त्याच वर्षी आपल्याकडे ‘डॉन २’ सिनेमाचा खेळ त्याच्यासाठी बाजारात आला.

‘सॅन अँड्रियास’च्या लाखो डिस्क जगभर पडल्या आहेत. एक कमी झाली तर कुणाचं काही अडत नाही. ‘देसी अड्डा’ मुख्यतः याच देशात विकला गेला आणि इथली घरं कशी आहेत ते मघाशी सांगितलं. म्हणून माझ्या टेबलावर त्याचा नंबर पहिला लागला. सरांनी तो यादीत सर्वात शेवटी लिहिला होता.

नऊ ते साडेदहा

मूळ डिस्क संगणकात उतरवून घेणं हे अर्धं काम. डीव्हीडी सोपी. तिचा जसाच्या तसा आयएसओ निघतो. काळ्या डिस्कला वेळ द्यावा लागतो. सीडीच्या एका खणात २३५२ बाइट असतात. साधा आयएसओ काढला तर त्यातले २०४८ च घेतले जातात आणि बाकीचे गळतात. पहिल्या प्लेस्टेशनचे खेळ आवाज आणि चित्रफिती त्या गळणाऱ्या भागाचा फायदा घेऊन साठवतात. ‘रिज रेसर’सारख्या खेळाचं संगीत तर डिस्कवर साध्या गाण्याच्या ट्रॅकसारखं असतं. आयएसओ काढला की गाडी पळते, पण मुकी पळते. म्हणून बिन आणि क्यू अशी जोडी काढायची. क्यू ही छोटीशी मजकुराची फाइल, कुठला ट्रॅक कुठे सुरू होतो त्याची यादी. लोक ती फालतू समजून पुसून टाकतात.

वेग कमी ठेवतो. वाचताना घाई केली तर ड्राइव्ह अंदाजपंचे भरून पुढे जातो. प्रत्येक डिस्क दोनदा उतरवायची आणि दोन्ही फाइलींची खूणसंख्या (चेकसम) जुळते का बघायचं. रीडंप नावाच्या स्वयंसेवकांनी जगभरच्या खेळांच्या अशा खूणसंख्यांची यादी करून ठेवली आहे. तिच्याशी जुळली तर निर्धास्त. आज एक कुस्तीची डिस्क दोन वेळा दोन वेगळे आकडे देत होती. कोमट पाण्यात साबणाचा थेंब टाकून तिला धुतली, पंख्याखाली सुकवली, आणि मग जुळली.

मध्ये दोन मोबाइल आले. एकाचा चार्जर ढिला, एकाच्या स्पीकरमध्ये धानाच्या बांधीतला चिखल.

अकरा

आता सरांचा प्रश्न.

टेबलावर चार डबे मांडले. पहिला मोझर बेअरच्या सीडींचा पन्नासचा डबा, आरमोरीतलं सीडी भाड्यानं देणारं दुकान बंद झालं तेव्हा उचललेला. दुसरा नागपूरच्या सीताबर्डीतून आणलेल्या, मोठ्या परदेशी नावाच्या डीव्हीड्यांचा. तिसरा चकचकीत छपाईचा, दहा रुपयेवाला. चौथ्यात थोड्याच उरल्या आहेत, तायो युडेनच्या सीड्या. त्या मी कुणालाही दाखवत नाही.

डब्यावरचं नाव वाचून डिस्क घेणं म्हणजे पोत्यावरचा शिक्का बघून तांदूळ घेणं. पोतं कुणीही शिवतं. कोऱ्या डिस्कच्या आत मात्र तिच्या कारखान्याची खूण असते. लेझरनं कुठल्या वाटेनं जायचं हे दाखवणारी एक सर्पिल खाच कारखान्यातच कोरलेली असते. ती किंचित नागमोडी असते आणि त्या नागमोडीतच डिस्कची माहिती लिहिलेली असते. ड्राइव्हमध्ये डिस्क टाकून इमगबर्न उघडला की ती दिसते. हा फुकट मिळणारा प्रोग्राम आहे. त्याची शेवटची आवृत्ती २०१३ ची, तरी अजून त्याच्या तोडीचं काही मला मिळालेलं नाही. सीडीची खूण वेळेच्या आकड्यांत येते : ९७ मिनिटं, २४ सेकंद, १ फ्रेम म्हणजे जपानची तायो युडेन. ९७, २६, ६६ म्हणजे तैवानची सीएमसी. डीव्हीडीवर अक्षरं येतात. एमसीसी म्हणजे मित्सुबिशी केमिकल, टीवायजी म्हणजे तायो युडेन, एमबीआय म्हणजे आपली मोझर बेअर.

सीताबर्डीच्या परदेशी नावाच्या डब्यातली एक टाकली. सीएमसी. वर युरोप, आत तैवान. यात फसवणूक नाही. बहुतेक मोठी नावं स्वतः डिस्क बनवतच नव्हती, बनवून घेत होती, आणि आज एका कारखान्याकडून तर उद्या दुसऱ्याकडून. म्हणून ‘अमुक कंपनीची चांगली’ हा सल्ला फार टिकत नाही. डबा कुठल्या खेपेचा, आत काय खूण, हेच विचारायचं. आधी एक डिस्क घेऊन तपासायची आणि जमली तर त्याच खेपेचे डबे उचलायचे.

आता तर निवडीला वावही राहिला नाही. १९८८ मध्ये पहिली लिहिता येणारी सीडी दाखवणारी तायो युडेन २०१५ मध्ये या धंद्यातून बाहेर पडली. मित्सुबिशीनं आपलं व्हर्बाटिम हे नाव २०१९ मध्ये सीएमसीला विकलं. सोनीनं २०२५ च्या फेब्रुवारीत कोऱ्या ब्लू-रे बनवणं थांबवलं. आणि मोझर बेअर? दीपक पुरी यांनी १९८३ मध्ये दिल्लीत सुरू केलेली, आधी कामगारांच्या वेळेची नोंद करणारी यंत्रं बनवणारी कंपनी, पुढे फ्लॉपी आणि मग ग्रेटर नोएडात कोऱ्या डिस्क बनवू लागली आणि जगातल्या मोठ्या उत्पादकांत गणली गेली. २००७ च्या सुमाराला तिनं सिनेमाची व्हीसीडी २८ रुपयांना आणि डीव्हीडी ३४ रुपयांना विकायला काढली, तेव्हा गावच्या बाजारात चोरीच्या सीडीवाल्यांचे चेहरे उतरले होते. पुढे ती दिवाळखोरीच्या न्यायाधिकरणात गेली आणि २०१८ मध्ये ती विकून टाकण्याचा आदेश निघाला. म्हणजे माझ्या पहिल्या डब्यातली सगळ्यात तरुण डिस्कही त्याच्या आधीची. कोरी म्हणून ती ताजी नसते. रंगद्रव्य वापराविनाही म्हातारं होतं.

त्या रंगद्रव्याबद्दल. मूळ खेळाच्या डिस्कवर छापखान्यासारखे खड्डे दाबलेले असतात. आपल्या डिस्कवर खड्डे नसतात, लेझर एका सेंद्रिय रंगाच्या थराला जाळून डाग पाडतो. सीडीत तो रंग तीन तऱ्हांचा. सायनीन हिरवट-निळसर दिसतो, उजेडाला घाबरतो. थॅलोसायनीन जवळपास पारदर्शक, फिकट सोनेरी, उजेडात टिकाऊ, पण लिहिणाऱ्या लेझरची ताकद नेमकी लागते. अॅझो गडद निळा. सीडी उलटी करून रंग बघण्याला म्हणूनच अर्थ आहे. डीव्हीडीत नाही. तिथे सगळ्याच जांभळट दिसतात.

मग काळ्या कोऱ्या सीड्या. त्या एकेकाळी ‘प्लेस्टेशनसाठी खास’ म्हणून चढ्या भावानं विकल्या जायच्या आणि आजही कुणीतरी विचारतोच. सीडीचा लेझर ७८० नॅनोमीटरचा, डोळ्याला न दिसणारा अवरक्त. आपल्याला काळं दिसणारं ते प्लास्टिक त्याला काचेसारखं आरपार. काळेपणानं वाचन सुधारत नाही आणि बिघडतही नाही. मूळ डिस्क खरी आहे की नाही हे यंत्र ओळखतं ते रंगावरून नाही. आतल्या काठावरच्या खाचेच्या नागमोडीत प्रदेशाची अक्षरं लिहिलेली असतात आणि ती नागमोड घरच्या कुठल्याही ड्राइव्हला लिहिता येत नाही. म्हणून चिप नसलेल्या यंत्रात प्रत चालत नाही, डिस्क कितीही महाग घ्या.

पुन्हा पुन्हा लिहिता येणाऱ्या सीडी-आरडब्ल्यूला मी जुन्या यंत्राच्या वाटेला जाऊच देत नाही. साधी कोरी सीडी पडलेल्या प्रकाशापैकी ७० टक्क्यांच्या आसपास परत पाठवते, आरडब्ल्यू १५ ते २५ टक्के. वीस-पंचवीस वर्षं चाललेल्या लेझरची नजर आधीच अधू. त्याला अंधारात वाचायला का लावायचं? ९० आणि ९९ मिनिटांच्या सीड्याही नकोत. जास्त मावावं म्हणून त्यांच्या खाचा दाटीनं घातलेल्या असतात. खरं तर ७४ मिनिटांची सर्वात चांगली, पण ती बाजारातून कधीच गेली.

दहा रुपयेवाल्या डब्यातली डिस्क टाकली. आतली खूण नामांकित कारखान्याची निघाली. हसू आलं. खूणही चोरता येते. तिचा निकाल दुपारी.

साडेबारा

वीज गेली. इन्व्हर्टरवर पंखा आणि दोन दिवे चालतात. संगणकाचा यूपीएस पाच-सात मिनिटांचा धनी. लिहिताना वीज गेली की डिस्क वाया. ड्राइव्हवर छापलेलं बफर संरक्षण फक्त संगणक मागे पडला तर वाचवतं, तार तोडलेल्यांना नाही. म्हणून पावसाळ्यात लिहायचं काम वीज येऊन अर्धा तास स्थिर राहिल्यावरच.

या वेळात दोन पोट्टे आले. "भाऊ, सॅन अँड्रियासची एक मारून द्या ना. पन्नास देतो." फाइल संगणकात तयार आहे हे त्यांनी काचेतून बघितलेलं. नाही म्हटलं. १९५७ च्या कॉपीराइट कायद्याच्या कलम ५२ मध्ये एक सवलत आहे. ज्याच्याकडे प्रोग्रामची रीतसर प्रत आहे, त्यानं ती हरवू, बिघडू नये म्हणून तात्पुरत्या संरक्षणासाठी राखीव प्रत काढावी. सवलत त्या मालकाची आहे, माझी नाही, आणि चौकातल्या पोट्ट्यांची तर नाहीच. म्हणून माझा नियम सोपा : मूळ डिस्क टेबलावर असेल तर प्रत निघेल आणि दोन्ही एकाच पिशवीतून परत जातील. सरांचं काम झालं की संगणकातल्या फाइलीही त्यांच्याच हार्ड डिस्कवर जातात, माझ्याकडे राहत नाहीत. चिपबद्दल मी बोलत नाही. २०१२ च्या दुरुस्तीनं डिजिटल कुलूप तोडण्याबद्दल वेगळं कलम आणलं आहे आणि ज्यानं त्यानं ते वाचावं.

दोन

घरून डबा आला. भात, वरण, वास्त्याची भाजी. वीज अजून नाही.

अडीच ते साडेचार

वीज पावणेतीनला आली. सव्वातीनला सुरुवात केली.

आधी ‘देसी अड्डा’. डीव्हीडी-आर घ्यायची की प्लस-आर? वजा चिन्हाची पायोनियरनं १९९७ मध्ये आणलेली, अधिक चिन्हाची सोनी-फिलिप्सच्या गटाची, २००२ ची. गुणवत्तेत फरक सांगता येणार नाही. जुन्या यंत्राला फरक पडतो तो ओळखपत्रात. प्रत्येक डिस्कवर ‘मी कोण’ हे लिहिलेलं असतं. प्लस-आरवर तिथे ‘डीव्हीडी-रॉम’ म्हणजे छापील डिस्क असं लिहून घेता येतं, ड्राइव्हनं परवानगी दिली तर. माझा जुना लाइटऑनचा ड्राइव्ह देतो. वजावाल्या डिस्कवर ते बदलता येत नाही, पण प्लेस्टेशन टू तिला सहसा खळखळ न करता घेतं. म्हणून माझ्याकडे सीएमसीची वजावाली एका थराच्या खेळांना, आणि प्लसवाली फक्त दोन थरांच्या.

वेग. लोक म्हणतात जितका हळू तितका चांगला. सीडी नवी असतानाच्या काळात ते खरं होतं. आजच्या १६ एक्सच्या डिस्कचा रंग वेगानं जळायलाच तयार केलेला असतो. तिला १ किंवा २ एक्सवर शिजवत बसलं तर डाग पसरट पडतात. मी डीव्हीडी ८ एक्सवर लिहितो, फार म्हातारं यंत्र असेल तर ४. सीडी १६ वर.

लिहून झालं की संगणक ‘तपासणी यशस्वी’ म्हणतो. त्यावर मी विसंबत नाही. डिस्कवर चुका असतातच, दुरुस्तीचं गणित त्या झाकतं, आणि संगणकाचा ताजा ड्राइव्ह त्या झाकलेल्या चुका पचवून ‘सगळं ठीक’ सांगतो. जुनं यंत्र पचवू शकत नाही. म्हणून चुका मोजायच्या. डीव्हीडीसाठी ठरलेली मर्यादा अशी : सलग आठ ब्लॉकांत पहिल्या फेरीच्या चुका २८० च्या आत, आणि पहिल्या दुरुस्तीतून सुटलेल्या एका ब्लॉकात ४ च्या आत. लाइटऑनचा ड्राइव्ह याचा आलेख काढून देतो.

सीएमसीच्या डिस्कचा आलेख शेवटपर्यंत बुटका राहिला, कडेला जरा उंचावला. चालेल. मग दहा रुपयेवाली, चोरलेल्या खुणेची. पहिले तीन जीबी साधारण, आणि पुढे आलेख छताला. यात मेख आहे. डीव्हीडी आतून बाहेर लिहिली जाते. छोटा खेळ टाकला तर हीच डिस्क छान चालेल, गिऱ्हाईक खूश होऊन जाईल. ‘सॅन अँड्रियास’ जवळपास सगळी डिस्क भरतो. तो नेमका कडेपाशी गचकेल आणि दोष यंत्राला जाईल. दहा आणि पंचवीसमधलं अंतर डिस्कच्या शेवटच्या सेंटिमीटरभरात असतं. सरांसाठी तो आलेख छापून ठेवला.

‘टेकन ३’ला तायो युडेन काढावी का, यावर थोडा वेळ गेला. मोझर बेअरची एक लिहून बघितली. इतक्या वर्षांच्या कपाटवासानंतरही चुका बऱ्यापैकी आटोक्यात. तीच दिली. चौथा डबा परत कपाटात गेला.

पाच

कुरखेड्याकडून एक काका. प्लास्टिकच्या पिशवीत गावच्या नाटकाची डीव्हीडी, वर चिकटवलेला कागदी फोटो. "चालूनच नाही राह्यली जी."

दिवाळीपासून होळीपर्यंत या भागात रात्र-रात्र नाटकं होतात. देसाईगंज-वडसा हे त्याचं केंद्र. कंपन्यांची कार्यालयं तिथेच. कुरखेडा तालुक्यातल्याच गुरनोलीच्या परशुराम खुणे यांना २०२३ मध्ये पद्मश्री मिळाली तेव्हा मुंबई-पुण्याला झाडीपट्टी रंगभूमी कळली. पण गावातल्या मंडळाच्या प्रयोगांचं जे काही चित्रण आहे, ते लग्नाच्या व्हिडिओवाल्यानं हाताला लागेल त्या डिस्कवर लिहिलेलं आहे. त्याची खूणसंख्या कुठल्याही यादीत नाही.

काकांच्या डिस्कचा घात त्या कागदी फोटोनं केला. डीव्हीडी म्हणजे प्रत्येकी ०.६ मिलिमीटरच्या दोन चकत्या चिकटवलेल्या, मध्ये माहिती. चिकटवलेला कागद ओल शोषतो, उन्हात आक्रसतो, डिस्क वाकवतो आणि कडेनं चकत्या सुटू लागतात. सीडीवर तर कागद काढायला गेलं की चंदेरी थरच सोबत येतो, कारण तो वरच्या बाजूला नुसत्या लाखेखाली असतो. ओरखड्याला लोक खालच्या बाजूनं घाबरतात. सीडीला वरच्या बाजूनं घाबरावं.

ड्राइव्हला रात्रभर वाचत ठेवावं लागेल. जेवढं निघेल तेवढं पेन ड्राइव्हवर देईन म्हटलं. "सीडीवरच द्या ना, घरी प्लेअर आहे." सीडीवरही देईन. पण ठेवणीची प्रत ती नव्हे. कोरी डिस्क ही यंत्राला खाऊ घालायची वस्तू आहे. ठेवायचं ते दोन वेगळ्या हार्ड डिस्कवर, दोन वेगळ्या घरांत. खेळाचं असो की नाटकाचं.

सहा

आता खरी परीक्षा. सरांचं यंत्र काउंटरवरच्या जुन्या टीव्हीला जोडलं. ‘देसी अड्डा’ सुरू झाला आणि मघाचे दोन पोट्टे कुठूनसे उगवले. त्यांना विटीदांडू खेळायला दिला. माझंही काम होतं, त्यांचंही. विटी हवेत उडवणं बटणानं जमत नाही, असं त्यांचं मत पडलं.

‘सॅन अँड्रियास’ची तपासणी मीच करतो. हा खेळ शहर एकदम आत घेत नाही, गाडी जाईल तसा पुढचा रस्ता डिस्कवरून ओढत राहतो. सोबत गाडीतला रेडिओही. म्हणून एक वेगवान गाडी घ्यायची आणि शहराच्या या टोकापासून त्या टोकापर्यंत न थांबता हाणायची. डिस्क कच्ची असेल तर आधी रेडिओ अडखळतो, मग रस्त्यावरच्या इमारती उशिरा उगवतात. बाहेर पावसात झुली विकणारे प्लास्टिक ओढत होते आणि मी कॅलिफोर्नियात सिग्नल तोडत होतो. रेडिओ एकदाही थांबला नाही. कान यंत्राकडेही ठेवायचा. लेझर पुढं-मागं शोधत बसला तर करकर ऐकू येते. चांगल्या डिस्कवर नुसती घूं.

साडेसात

सर आले. आलेख पुढे ठेवला. त्यांनी मास्तरांच्या नजरेनं तो पाहिला आणि म्हणाले, "म्हणजे हा पोरगा पहिले तीन पेपर पास, चौथ्यात नापास." बरोबर.

डिस्कवर नावं लिहिली. साध्या पाण्याच्या शाईच्या पेनानं आणि मधल्या पारदर्शक कड्यावर. फोटो, कागद काही नाही. सर जरा नाराज झाले, पोरांना चित्र आवडतं म्हणून. चित्र खोक्यावर लावा म्हटलं. मूळ डिस्क आणि त्यांच्या फाइली घरी गेल्यावर शाळेच्या कपाटात नाही, घरच्या कपाटात. फाइलींची दुसरी प्रत पुण्याच्या भावाकडे.

‘गॉड ऑफ वॉर टू’ राहिला. तो साडेआठ जीबीच्या दोन थरांच्या डिस्कवर आहे आणि तशी कोरी सध्या माझ्याकडे शिल्लक नाही. तो चित्रफिती गाळून एका थरात कोंबून देणारे आहेत. मी देत नाही. अर्धा खेळ काढून घेतला तर त्याला राखीव प्रत कसं म्हणायचं? पोरांचे चार दिवस मूळ डिस्कवर खेळू द्या, पण डिस्क तुम्हीच घाला आणि काढा, असं ठरलं.

पैशांवर थोडी घासाघीस झाली. डिस्कचे पैसे त्यांनी मुकाट दिले. आलेख काढायला लागलेल्या वेळाचे पैसे त्यांना पटेनात. अर्ध्यावर तोडगा निघाला.

नऊ

सीताबर्डीला फोन लावला. डबल लेयर, प्लस-आर, पाच. वजावाल्या नकोत. पहिला थर कुठे संपवायचा ते प्लसवर ठरवता येतं आणि ओळखपत्रही बदलता येतं. दुकानदार म्हणाला, पाच नाही, पंचवीसचा डबाच येतो, आणि एकाच कंपनीचा उरलाय. खूण विचारली तर त्याच्याकडे ड्राइव्हच नाही. लॅपटॉपला आता ड्राइव्ह येतो कुठं, असं तोच म्हणाला.

डबा फोडून एक सुटी पाठवा, तिचे दुप्पट पैसे देतो, असं ठरवलं. उद्या पोळा म्हणून पार्सल नाही. परवाच्या बसनं येईल, वैनगंगेला पूर नसला तर. काकांची डिस्क ड्राइव्हमध्ये टाकली, वेग सर्वात कमी केला, यूपीएसच्या तारा तपासल्या. सव्वानऊला ती चार टक्क्यांवर होती.